पाणी न शिरणारा डबा

पाचूबंदरच्या आलोशियसला होडी लागायची. हसू नका. कोळ्याच्या घरात जन्मलेला माणूस, बापाची होडी, आज्याची होडी, आणि हा मात्र किनारा जरा लांब गेला की काठावर वाकून आतडी बाहेर काढायचा. सोळाव्या वर्षी बापाने त्याला तिसऱ्यांदा बखोटीला धरून जेट्टीवर उतरवला आणि म्हणाला, "तू जमनीवरच बरा." झालं! धाकटा भाऊ रुडॉल्फ होडीवर गेला आणि थोरला घरी राहिला. बंदरात पुरुष मासळी आणतात, बायका विकतात. घरी राहिलेल्या पुरुषाने करायचं काय, हे कोणी ठरवूनच ठेवलेलं नव्हतं. पोरं त्याला सुका कोळी म्हणायची, आणि तो ते ऐकून न ऐकल्यासारखं करायचा.

मग त्याने रेडिओ उघडायला सुरुवात केली. आधी घरचा बिघडवला, मग शेजाऱ्यांचे दुरुस्त केले, आणि नव्वदच्या दशकात होड्यांवर जीपीएसचे हातातले सेट आले तेव्हा त्याचे दिवस फिरले. हे परदेशी सेट म्हणजे नुसती नखरेल पोरं. उपग्रहावरून जागा अचूक दाखवायचे, पण खारं पाणी लागलं की दोन महिन्यांत मेले. आलोशियसने ते उघडले. आतल्या सर्किटच्या पट्टीवर पातळ रेझिन ओतलं, ते दगडासारखं घट्ट होऊ दिलं, आणि डब्याच्या फटी अशा बुजवल्या की सुईचं टोक जाणार नाही. बाप फळ्यांच्या फटींत कापूस आणि राळ ठोकून भरायचा, तेच हे, फक्त डब्याला. बापाचं एकच म्हणणं होतं: पानी आत आलं की माणूस गेला. लहानपणापासून कानावर पडलेलं ते वाक्य आलोशियसच्या हातात उतरलं होतं.

एकदाच चूक झाली. अठ्ठ्याण्णव साली घाईघाईत एका सेटचं झाकण नीट बुजवायचं राहिलं, आणि ती होडी धुक्यात दोन दिवस सापडली नाही. दोन दिवस आलोशियस जेट्टीवर उभा होता. जेवला नाही, बसला नाही. त्या होडीवरच्या माणसांच्या घरच्या बाया त्याच्याकडे बघायच्या आणि काही बोलायच्या नाहीत, ते जास्त वाईट होतं. होडी आली, माणसं धडधाकट उतरली, कोणी त्याला एक शब्द लावला नाही. पण त्यानंतर त्याच्या हातून गेलेल्या एकाही डब्यात थेंबभर पाणी शिरलं नाही. अर्नाळ्यापासून माणसं यायची. सुका कोळी म्हणणारं तोंड बंदरात उरलं नाही.

आता यात मोटारगाडी कुठून आली? ती आली आलोशियसच्या बायकोच्या पाटीतून. रोझी वसईच्या बाजारात मासळी विकायची, आणि चंद्रहास नावाचे एक फ्लॅटवाले गृहस्थ दर रविवारी तिच्याकडून पापलेट घ्यायचे. चंद्रहास अंधेरीच्या एका कंपनीत गाड्यांचं सामान विकायचे, आणि नोकरीला कंटाळून स्वतःचं काही काढायची स्वप्नं बघायचे. गाडीत रस्ता दाखवणारी यंत्रं नुकतीच येऊ लागली होती. एका रविवारी ते त्याबद्दल मोबाइलवर कोणाशी तरी बोलत होते, तर रोझी मासा साफ करता करता म्हणाली, "जीपीएस ना? आमच्याकडे तर वीस होड्यांवर हाय. माझा नवरा लावतो."

असा सगळा प्रकार. दोन हजार सहा साली वसईजवळच वालीवला गाळा घेतला. चंद्रहासने नोकरी सोडली, पाच बाया कामावर ठेवल्या, आणि आलोशियसला समोर बसवून धंदा समजावला.

"हे बघ, उपग्रह सगळ्यांना तेच. नकाशाही सगळे एकाच ठिकाणाहून विकत घेतात. आपल्या हातात काय उरतं? डबा. कोणाचा डबा टिकतो, एवढाच खेळ आहे."

डबा टिकवायचा! आलोशियसला याहून सोपं काही कोणी कधी सांगितलंच नव्हतं. त्याने छाती फुगवून सांगितलं, की त्याची काळजी सोडा.

एक गंमत मात्र चंद्रहासने स्वतः काढली. बाजारातले सगळे डबे इंग्रजी नाहीतर हिंदी बोलायचे. आपला मराठी बोलेल, म्हणजे ड्रायव्हर लोकांना बरं. आवाज कोणाचा? रोझीचा. बाजारभर ऐकू जाणारा, खणखणीत. तिला एका बंद खोलीत नेऊन "पुढे उजवे वळण घ्या" म्हणायला लावलं, तर ती म्हणे "वळन". चंद्रहासने चौदा वेळा म्हणून घेतलं. पंधराव्यांदा रोझी वैतागून म्हणाली, "मेल्या, मी मासली विकनारी, तुला शाळामास्तरीन पायजे व्हती तर तिला बोलवायची." मग सोळाव्यांदा असं स्वच्छ म्हणाली, की ऐकून आलोशियसला आपली बायको परकी वाटली.

दीड वर्ष धंदा रडतखडत चालला. बाहेरून तयार माल स्वस्तात यायचा. चंद्रहासच्या चेहऱ्यावरचं मांस उतरलं. आणि दोन हजार आठच्या मार्चमध्ये मुंबईतल्या एका टॅक्सी कंपनीने दोनशे सेट मागितले. अट एकच: मे महिन्यात कंपनी गाड्यांत लावून बघणार, पास झाले तर पुढचं सगळं काम यांना, नाहीतर राम राम. चंद्रहासने स्पष्ट सांगितलं, "आलोशियस, हे झालं तर गाळा राहिला. नाही झालं तर जूनमध्ये कुलूप. मला परत कोणाच्या तरी दारात उभं राहावं लागेल."

आणि आलोशियसला? त्याला परत त्या जेट्टीवर, सुका कोळी म्हणून. एव्हाना होड्यांवर मुळातच पाणी न लागणारे नवे सेट आले होते. बंदराला त्याची गरज उरली नव्हती. जगात त्याची गरज असलेली जागा म्हणजे वालीवचा तो पत्र्याचा गाळा, दुसरी नाही.

मे उजाडायच्या आत त्याने दोनशेच्या दोनशे सेटवर रेझिन ओतून टाकलं. चंद्रहास म्हणत होते, दहा करू, चाचणी होऊ दे, मग बाकीचे. पण पावसाळी हवेत रेझिन नीट धरत नाही, चिकट राहतं, हे आलोशियसला पाठ. आणि त्याच्या डब्याबद्दल शंका घ्यायची म्हणजे काय! कामावरची आशालता, हाताने सगळ्यात नीट, तिने एकदा विचारलं होतं.

"भाऊ, पुढे कधी उघडायचा झाला तर कसा उघडायचा?"

"उघडायचा कशाला?" आलोशियस म्हणाला. "उघडायची वेळ यावी असा मी करतोय का?"

आशालता चिमटा उचलून पुन्हा कामाला लागली. त्याने तो प्रश्न मनावरसुद्धा घेतला नाही.

सेट तपासले ते कुठे? सकाळी गाळ्यात पंख्याखाली, आणि संध्याकाळी पाचूबंदरच्या जेट्टीवर, भर वाऱ्यात, वर मोकळं आभाळ. सवयीचा गुलाम माणूस! होडीचे सेट इतकी वर्षं तिथेच तपासले, तर हेही तिथेच. बादलीत बुडवूनसुद्धा पाहिले. गाडीच्या सेटला बादलीत कशाला बुडवायचं, हे विचारणारं तिथे कोणी नव्हतं. सगळे झकास चालले.

मेच्या दुसऱ्या आठवड्यात कंपनीने दहा टॅक्सींत दहा सेट लावले. सकाळी दहाही बोलत होते. दुपारी एक वाजता दहाही काळे पडले. संध्याकाळी पुन्हा जिवंत. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी कंपनीच्या साहेबांचा फोन आला, की पुढच्या शुक्रवारी दुपारी मी स्वतः तुमच्या गाळ्यावर येतो, दोनशेतले कुठलेही पाच मी उचलणार आणि उन्हात उभ्या गाड्यांत लावून बघणार. बंद पडले तर विषय संपला.

सात दिवस. आलोशियसने पहिला संशय घेतला उपग्रहांवर. मग टॅक्सीच्या काळ्या काचांवर. मग नकाशावर, मग वायरींवर, मग चक्क टॅक्सी ड्रायव्हरांवर, की हे मुद्दाम काढून ठेवतात. सगळ्यांवर संशय घेतला, एका रेझिनवर सोडून. चार दिवस असे वाया घालवले. जेवणाचा डबा तसाच परत जायचा. चंद्रहास कोपऱ्यात बसून त्याच्याकडे बघायचे, आणि त्यांचं ते बघणं आलोशियसला अठ्ठ्याण्णव सालच्या बायांसारखं वाटायचं.

पाचव्या दिवशी बाजार आटपून रोझी गाळ्यावर आली. भर दुपार. बाहेर टेम्पो उभा होता, काचा बंद, आणि पुढच्या काचेखाली एक सेट काळा पडून बसलेला. आलोशियस आतच शेजारी बसून घामाने निथळत होता. रोझीने दार उघडून सेट हातात घेतला आणि चटका बसून त्याच्या मांडीवर टाकला.

"देवा! तापानं फणफनलाय की हा."

"उन्हात हाय. तापनारच."

"मग याला वारा कुठनं?"

"वारा? याच्यात काय जाऊ नये म्हनून तर जीव काढला."

"अरे, बोंबील सुकवताना आपन काय करतो? वलांडीवर टांगतो. दोन्ही अंगानं वारा पायजे. अर्धे सुकलेले बंद डब्यात भरले तर आतल्या आत उबतात, कुजतात. तू त्याला कोंडून घातलास, आनि वरनं ऊन."

आलोशियसने मांडीवरचा सेट उलटा करून त्याची बंद पाठ पाहिली. यंत्र चाललं की गरम होतं. ती ऊब बाहेर पडायला हवी. होडीवर वारा आणि पाणी ती खेचून घेतात. इथे बंद गाडी, काचेतून ऊन, आणि यंत्राच्या अंगाला त्याच्या हातचं दगडी रेझिन. दोनशे यंत्रांना त्याने पांघरूण घालून भट्टीत ठेवलं होतं, आणि वर शिवून टाकलं होतं. आपल्याच हाताने. त्याने दोन्ही हातांनी डोकं धरलं आणि टेम्पोत बसून लहान पोरासारखा रडला. रोझी पाठीवर हात ठेवून बसली. बाहेर आशालता आली होती, ती मागच्या मागे गेली.

मग सुरू झालं उघडणं. अहो, उघडणं कसलं! छिन्नी लावली तर रेझिनबरोबर आतली पट्टी तुटून यायची. गरम हवा मारली तर उपग्रह पकडणारी चौकोनी चकतीच सुटायची. थिनरमध्ये बुडवले तर पडदे पांढरे झाले. पाच बाया, आलोशियस, चंद्रहास, रोझीसुद्धा, सगळे खरवडत बसले. हातांना फोड आले. जितकं काम चोख झालं होतं तितकं ते उघडेना. शेवटी ज्यांच्यावर रेझिन जरा पातळ पडलं होतं, जिथे आलोशियसचा हात थोडा कमी पडला होता, तेवढेच जिवंत सुटले. त्यांच्या पाठीला भोकं पाडली, गाडीत ठेवून पाहिले, दुपारभर बोलत राहिले. गुरुवारी संध्याकाळपर्यंत असे झाले एकोणीस. साठ मेले. बाकीचे तसेच दगड. सुटे भाग संपलेले, नवे यायला दोन महिने.

शुक्रवारी सकाळी चंद्रहासने एकोणीस सेट स्वतःच्या हाताने खोक्यांच्या वरच्या थरात लावले. खाली ते न उघडलेले. मेलेले त्यांनी आधीच मागे ताडपत्रीखाली सारले होते, साहेब काही एकेक मोजत बसणार नव्हते.

"माणूस वरचेच उचलतो," ते आलोशियसकडे न बघता म्हणाले. "एकदा पास होऊ दे. मग नवे भाग मागवू, हळूहळू सगळे बदलून देऊ. कोणाला कळणार पण नाही. तू फक्त तोंड उघडू नकोस. हात जोडतो."

खरोखर जोडले त्यांनी हात. पन्नाशीचा शिकलेला माणूस. आलोशियसने मान हलवली. त्याला पण तेच हवं होतं, का नको असावं? चार पैशांची अक्कल असलेला कोणीही मान हलवेल.

बाराला साहेब आले. पाच टॅक्सी गाळ्यासमोर उन्हात उभ्या राहिल्या, काचा बंद. साहेब भला माणूस होता, पाणी मागितलं, पंख्याखाली घटकाभर बसला. म्हणाला, "खरं सांगू? वर्ष-दोन वर्षांत हे सगळं मोबाइलमध्येच येईल असं लोक म्हणतायत. तरी आज आम्हाला डबा लागतोय. चला, बघू." आणि त्याने खोक्यात हात घातला. वरच्याच सेटला हात लागला.

त्याच वेळी आलोशियसला काय झालं, देव जाणे. त्याला दिसली ती जेट्टी. दोन दिवसांचं धुकं. खालचा डबा बंद पडणार आहे हे माहीत असून माणसाच्या हातात द्यायचा, आणि तो माणूस त्याच्या भरवशावर निघणार. टॅक्सी आहे, होडी नाही, रस्त्यात थांबून कोणालाही पत्ता विचारता येतो, हे त्याला कळत होतं. कळत होतं हो! आणि खरं सांगायचं तर मनात एक वेडी आशाही होती, की कदाचित आज वारा आहे, कदाचित खालचेही चालतील. तोंडातून शब्द निघून गेले.

"साहेब, वरचे नको. खालचे घ्या."

साहेबाने एकदा त्याच्याकडे पाहिलं, एकदा चंद्रहासकडे. मग खालचे पाच काढले.

वीस मिनिटं सगळे बोलत होते. उभ्या गाडीतसुद्धा दर मिनिटाला पुढची सूचना पुन्हा सांगायची सोय होती, त्यामुळे पाच गाड्यांतून पाच रोझी बोलत होत्या, आणि खरी रोझी पाटी घेऊन दारात उभी होती. चाळिसाव्या मिनिटाला पहिली गप्प झाली. मग दुसरी, तिसरी. चौथी मध्येच तुटली, "पुढे उजवे व" एवढंच म्हणून. पाचवी जरा तग धरून होती. आलोशियस त्या टॅक्सीच्या काचेला हात लावून उभा होता, तळहात भाजत होता, आणि तो पुटपुटत होता, "चल गं बाय, चल, एवढी एक चल." दीड वाजता तीही गेली.

साहेब जाताना आलोशियसच्या खांद्यावर हात ठेवून गेला, पण माल तिथेच सोडून. चंद्रहास खुर्चीत बसले, चष्मा काढून ठेवला. "दोन वर्षं," ते म्हणाले, "दोन वर्षं मी याच्यासाठी घालवली, आणि तुला आजच सत्यवान व्हायचं होतं?" गप्प बसलो असतो तर, हा विचार आलोशियसला पुढे कित्येक महिने घास गिळू देत नव्हता.

जूनच्या आधी गाळ्याला कुलूप लागणार हे ठरलं. आशालतेने जाताना आपला चिमटा पुसून टेबलावर ठेवला आणि म्हणाली, "भाऊ, मी विचारलं होतं." टोमणा नव्हता तो. पण लागला.

रविवारी सकाळी चर्चमध्ये मिस्सा झाल्यावर आलोशियसने एक खोकं सायकलवर घालून जेट्टीवर आणलं, खाडीत ओतायला. रुडॉल्फने त्याचा हात धरला. पावसाळ्यासाठी मासेमारी बंद व्हायच्या आधीच्या त्याच्या शेवटच्या फेऱ्या चालल्या होत्या.

"दादा, टाकतो कशाला? एक मना दे. आपल्याला रस्ते कुठं पायजेत, जागेचे आकडे दिसले की झालं. तूच ये, लावून दे."

"मना होडी लागते, ठाऊक हाय ना?"

"लागू दे. घरी बसून तरी काय करनार हायस?"

हे खरंच होतं. आलोशियस वीस-बावीस वर्षांनी होडीत बसला. केबिनच्या छपराखाली सेट बांधला, बॅटरीला जोडला. किनारा मागे पडला आणि आतडी तोंडाशी आली. पण सेट! पडदा लखकन पेटला. एका दमात आठ उपग्रह धरले. लाटेचं पाणी त्याच्यावर सपकन बसलं, पुन्हा बसलं, खाली ओघळून गेलं. आत एक थेंब नाही. वाऱ्यात डबा गार होता. पडद्यावर सगळा निळा रंग, आणि मधोमध एक इवलीशी गाडी. गाळ्यात तपासताना शेवटचं ठिकाण घातलेलं तसंच राहिलं होतं: वालीव, त्यांचा गाळा.

मग रोझी बोलली. सोळाव्या वेळचा तो स्वच्छ आवाज.

"रस्ता सापडत नाही. कृपया मागे वळा."

रुडॉल्फ हसला. होडीवरची माणसंही हसली. मिनिटाभराने ती पुन्हा म्हणाली. पुन्हा म्हणाली. दहाव्यांदा म्हणाली तेव्हा कोणी हसलं नाही.

"दादा, हिला गप कर की."

"नाय होत. बटनाची फटबी बुजवलीय."

"वायर काढ ना."

"काढली. आत बॅटरी हाय. चार तास पुरते."

"मग उघड नि काढ ती."

आलोशियस काठावर वाकला होता. पोटात होतं नव्हतं ते सगळं गेलं, तरी उमाळे थांबेनात. "उघडत नाय रे तो," तो म्हणाला, "मी केलाय." आणि त्याच्या पाठीमागे चार तास, लाटेचं पाणी झेलत, त्याची बायको त्याला दर मिनिटाला सांगत राहिली, की रस्ता सापडत नाही, मागे वळा.

संध्याकाळी जेट्टीवर रोझी पाटी घेऊन उभी होती. त्याचा पांढराफटक चेहरा बघून तिने आधी त्याला धरून उतरवलं, पाण्याची बाटली दिली. मग हळूच विचारलं, "डबा कसा चालला?"

आलोशियसने चूळ भरली, तोंड पुसलं.

"चांगला चालला," तो म्हणाला. "एकदाबी बंद नाय पडला."